बाटली आडवी, पण ठेव कुणाची?

दारूचे दुकान बंद झाले की आमच्याकडे पेढे वाटतात. वाटायलाच हवेत, मीही ते खाल्ले आहेत. गावातल्या बायांनी घरोघर फिरून सह्या गोळा करायच्या, त्या खऱ्या की खोट्या याची सरकारी माणसांनी पडताळणी करायची, मग उभी बाटली की आडवी बाटली यावर गुप्त मतदान व्हायचे, आणि आडवीचा आकडा निम्म्याच्या वर गेला की डफडे वाजायचे. हे एकदा पाहिलेल्या माणसाला दारू दुकानदाराविषयी माया वाटणे कठीण. मलाही वाटत नाही. तरी हा लेख त्याच्या बाजूने आहे, निदान एका कागदापुरता.

तो कागद म्हणजे सुरक्षा ठेव परत मिळण्याचा अर्ज. दुकान गेलेले असते. परवाना रद्द झालेला किंवा स्वतःहून परत केलेला असतो. उरतात ते परवाना घेताना सरकारकडे ठेवलेले पैसे. माजी अनुज्ञप्तीधारक, किंवा तो नसेल तर त्याची विधवा, त्याचा मुलगा, ते परत मागतो. वाशिम जिल्ह्यात असा विषय निघाला की ठरलेली चार वाक्ये ऐकू येतात. टपरीवर: “लोकायचे संसार बुडवले अन् आता ठेव पाह्यजे?” सभेत: “तो पैसा व्यसनमुक्तीले द्या.” कोर्टाच्या आवारात: “दारूच्या धंद्याचा हक्कच नाही, तर ठेवीचा कुठून आला?” आणि कचेरीत, फायलीतून मान वर न करता: “तीन वर्षं होऊन गेली. लॅप्स.”

पहिली तीन वाक्ये माझ्याच माणसांची आहेत. ज्यांच्याबरोबर मी सह्यांचे कागद घेऊन फिरलो, त्यांची. म्हणून त्यांना उत्तर द्यावेसे वाटते. चौथे वाक्य कुणाचेच नाही, आणि सगळ्यांत घातक तेच आहे.

संसार बुडाल्याचा राग खोटा नाही. पण तो ठेवीवर काढायचा म्हणजे पत्ता चुकला. देशी दारूच्या किरकोळ दुकानदाराला सीएल-३ परवाना कुणी दिला? जिल्हाधिकाऱ्याच्या सहीने सरकारने. फी कुणी घेतली? प्रत्येक बाटलीमागे शुल्क कुणी वसूल केले? ज्या कायद्याच्या नावातच दारूबंदी आहे, त्या १९४९ च्या कायद्याखाली दारू विकायचे परवाने वाटणारे आपले राज्य आहे. जून २०२५ मध्ये मंत्रिमंडळाने मद्यावरचे शुल्क वाढवले, देशी दारूवरचा दर प्रूफ लिटरला १८० रुपयांवरून २०५ रुपये केला, आणि या सगळ्या फेरबदलातून वर्षाला १४ हजार कोटी रुपये जादा मिळतील असा अंदाज जाहीर केला. पापाची वाटणी करायचीच असेल तर आधी थोरल्या भागीदाराचे दप्तर उघडा. धाकट्याच्या ठेवीवर टाच आणून थोरला सोवळा होत नाही.

आणखी एक गोष्ट माझ्या मित्रांच्या लक्षात येत नाही. गावाबाहेरच्या नाल्याकाठी हातभट्टी लावणारा कुठे ठेव भरतो? तो फी भरत नाही, वह्या ठेवत नाही, मुदतीत दुकान बंद करत नाही. मुंबईतल्या मालवणीत जून २०१५ मध्ये शंभरावर माणसे विषारी दारूने मेली, ती परवान्याच्या दुकानातली दारू नव्हती. ठेव भरलेला माणूस म्हणजे ज्याने नियम मोडला तर माझे पैसे कापा असे आधीच लिहून दिले तो. नियम मोडला असेल तर कापा. जरूर कापा. नसेल मोडला तर कशाबद्दल कापता, हे लिहून द्या.

“व्यसनमुक्तीला द्या” या सूचनेला टाळ्या पडतात, कारण ती ऐकायला उदार वाटते. हलवायाच्या घरावर तुळशीपत्र ठेवायला खर्च येत नाही. व्यसनमुक्ती केंद्राला पैसे हवेत, हे मी कुणापेक्षाही मोठ्या आवाजात म्हणेन; पण ते राज्याच्या दारूच्या उत्पन्नातून द्या, अर्थसंकल्पात तरतूद करा, आमदारांना गाठा. कुणा विधवेच्या पंचवीस हजारांतून ते केंद्र उभे राहणार नाही, आणि राहिलेच तर त्याच्या पायात दुसऱ्याचा पैसा असेल.

आता ठेव म्हणजे काय, ते साध्या भाषेत. परवान्याची फी ही विकत घेतलेल्या सवलतीची किंमत. ती दिली की गेली. ठेव ही किंमत नव्हे, ती हमी. घरमालक डिपॉझिट घेतो, गॅसची एजन्सी सिलिंडरचे घेते, तसलीच. भाडेकरू मटण खायचा म्हणून डिपॉझिट परत देणार नाही असे घरमालक म्हणाला तर आपण त्याला काय म्हणू? भिंत फोडली असेल तर दुरुस्तीचे वजा कर, विजेचे बिल थकले असेल तर ते वजा कर, उरलेले हातावर ठेव. दारू दुकानाच्या ठेवीचा कायदा याहून वेगळे काही सांगत नाही.

तो कायदा बारकाईने बघण्यासारखा आहे, कारण त्यात दोन दरवाजे आहेत आणि लोक ते एकच समजतात. महाराष्ट्र दारूबंदी अधिनियमाचे कलम ५४ हे दोषाचे कलम. शुल्क किंवा फी थकवली, परवान्याच्या अटी दुकानदाराने किंवा त्याच्या नोकराने मोडल्या, अमुक गुन्ह्यात शिक्षा झाली, तर परवाना रद्द किंवा निलंबित करता येतो. लगेच पुढचे कलम ५५ सांगते की अशा रद्दतेबद्दल नुकसानभरपाई नाही, फी परत नाही, ठेवही परत नाही. कडक आहे, पण न्याय्य आहे. मग कलम ५६. ५४ मध्ये न बसणाऱ्या इतर कोणत्याही कारणाने परवाना रद्द करायचा असेल तर पंधरा दिवसांची नोटीस देऊन, किंवा कारणे लेखी नोंदवून तडकाफडकी, तो रद्द करता येतो. आणि मग, हे वाक्य महत्त्वाचे, मुदतीच्या उरलेल्या भागापुरती फी आणि भरलेली ठेव, सरकारचे काही येणे असल्यास ते वजा करून, परत करावी लागते. कायद्याने इथे “करता येईल” म्हटलेले नाही, करायचीच आहे.

तेव्हा पहिला प्रश्न एवढाच की परवाना कोणत्या दरवाजाने बाहेर गेला. ५४ च्या असेल तर ठेवीचा विषय संपला. ज्याला तो आदेश चुकीचा वाटतो त्याच्यासाठी त्याच कायद्यात अपील आहे. पण गावाने मतदानाने दुकान घालवले असेल तर? २००८ च्या आदेशाने बायांना ती ताकद मिळाली: २५ टक्के मतदारांनी मागणी करायची, मग मतदान, आणि निम्म्याहून अधिक महिला मतदारांची आडव्या बाटलीला पसंती. यात दुकानदाराचा गुन्हा सिद्ध झालेला नसतो. गावाला नको आहे म्हणून दुकान जाते, आणि गावाला तेवढा अधिकार हवाच. कलम ५४ च्या यादीत गावाचे मत हा दोष म्हणून लिहिलेला नाही. ज्याने धंदा आपणहून सोडला, म्हातारपणी परवाना परत केला, त्याचे तर विचारूच नका.

इथे माझ्या चळवळीतल्या मित्रांसाठी एक तक्रार नोंदवून ठेवतो. तुमचा जीव जिथे अडकायला हवा ते ठिकाण ठेव नाही. मतदानाला न आलेल्या बाईचे मतही उभ्या बाटलीच्या खात्यात जमा झाल्यासारखे होते, कारण हिशेब झालेल्या मतदानाच्या निम्म्याचा नसतो, यादीतल्या एकूण महिला मतदारांच्या निम्म्याचा असतो. सोयाबीनच्या सोंगणीच्या दिवसांत मतदान लावले तर अर्ध्या बाया वावरात. शिवाय एका गावाने आडवी केलेली बाटली स्थलांतराच्या अर्जाने दुसऱ्या गावात उभी राहू शकते. तिथे भांडा. तसे स्थलांतर झाले तर परवाना जिवंत आहे, तो माणूस “माजी” नाहीच, आणि त्याची ठेव सरकारकडे राहणे योग्यच आहे. जो खरोखर बाहेर पडला त्याची वाट अडवून तुम्ही फक्त एवढेच साधता की पुढचा दुकानदार बाहेर पडायला आणखी खळखळ करेल.

वकील मंडळींचा मुद्दा वजनदार दिसतो, म्हणून त्याला थोडी जागा. खोडे डिस्टिलरीजच्या खटल्यात १९९४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की पिण्याच्या दारूचा व्यापार करणे हा मूलभूत हक्क नाही. बरोबर. पण ठेव मागणारा माणूस व्यापार करू द्या म्हणत नाहीये. तो व्यापार संपला म्हणून तर तो खिडकीवर उभा आहे. त्याआधी १९७५ मध्ये हर शंकर खटल्यात याच न्यायालयाने लिलावात बोली लावून मग पैसे भरायला कुरकुर करणाऱ्या दारू ठेकेदारांना सुनावले होते की हा तुमचा सरकारशी करार आहे, तो नकोसा झाला म्हणून झटकता येणार नाही. मला हा निकाल फार आवडतो. करार ठेकेदाराला बांधतो तर सरकारलाही बांधतो. दोरी एका टोकाला गाठ आणि दुसऱ्या टोकाला मोकळी, अशी नसते.

ठेव जप्त करण्याविषयीचा खरा धडा मात्र दारूच्या नव्हे, बटाट्याच्या खटल्यात आहे. मौला बक्ष नावाच्या कंत्राटदाराने १९४७ मध्ये लष्कराच्या संयुक्त प्रांत विभागाला बटाटे पुरवण्याचा ठेका घेतला, १० हजार रुपये ठेव ठेवली. दुसरा ठेका कोंबड्या, अंडी आणि मासळीचा, त्याची ठेव साडेआठ हजार. पुरवठा नीट झाला नाही, म्हणजे चूक त्याचीच. सरकारने ठेके रद्द केले आणि दोन्ही ठेवी जप्त केल्या. १९६९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला: ही रक्कम सौद्याचा बयाणा नाही, हमीची ठेव आहे, करारात जप्तीचे कलम लिहिले म्हणून ती आपोआप सरकारची होत नाही, नुकसान काय झाले ते दाखवा, तेवढे घ्या. सरकारला नुकसान दाखवता आले नाही. १८,५०० रुपये व्याजासह परत करावे लागले. दारूच्या परवान्याला स्वतःचा कायदा आहे, त्यात कलम ५५ आहे, हे मी वर सांगितलेच. पण कलम ५५ चा आदेशच ज्या प्रकरणात नाही, तिथे ठेव अडवणाऱ्या अधिकाऱ्याची जागा मौला बक्षच्या लष्करी अधिकाऱ्यापेक्षाही कमकुवत आहे. त्याच्यासमोरच्या माणसाने तर करारही मोडलेला नाही.

आता ते चौथे वाक्य. लॅप्स.

मला एका वारसाने एक चलन दाखवले होते. बाप दुकानदार, मुलगा शेती करतो. चलन चार घड्यांचे, घडीवर फाटलेले, टाचणीच्या गंजाचा तांबडा गोल नेमका रकमेच्या आकड्यावर. १९९८ च्या आधीचे, म्हणून वर जिल्हा अकोला. वाशिम १ जुलै १९९८ रोजी वेगळा झाला आणि जुने कागद एका जिल्ह्याचे, अर्जदार दुसऱ्या जिल्ह्याचा, अशी गंमत सुरू झाली. त्याला एका कचेरीने दुसरीकडे धाडले, दुसरीने “मूळ प्रत आणा” म्हटले. मूळ प्रत हीच आहे, असे तो म्हणाला. “मग ही खराब झालीये,” असे उत्तर मिळाले. मी ते चलन उजेडात धरून फक्त एक गोष्ट शोधली: लेखाशीर्ष.

चलनावरचा हा चार आकडी क्रमांक कुणी वाचत नाही, पण सगळा न्याय त्यात आहे. ००३९ असेल तर तो राज्य उत्पादन शुल्क, म्हणजे सरकारचे उत्पन्न. ८४४३ असेल तर ती नागरी ठेव. राज्यघटनेच्या अनुच्छेद २६६ ने सरकारकडे येणाऱ्या पैशाच्या दोन तिजोऱ्या केल्या आहेत. कर, फी, शुल्क जाते एकत्रित निधीत. तो सरकारचा पैसा, विधिमंडळाच्या मंजुरीशिवाय खर्च करता येत नाही. आणि जो पैसा सरकार नुसता सांभाळते, ठेवी, भविष्यनिर्वाह निधी वगैरे, तो जातो लोकलेख्यात. त्या पैशाचे सरकार मालक नाही, राखणदार आहे. म्हणूनच तो परत द्यायला अर्थसंकल्पात तरतूद लागत नाही. “सध्या अनुदान नाही, मार्चनंतर या” हे उत्तर ज्याने दिले त्याला एकतर हे ठाऊक नाही, किंवा अर्जदाराला ठाऊक नसेल अशी त्याला खात्री आहे.

लॅप्सचा अर्थही इथेच लागतो. कोषागाराच्या नियमाप्रमाणे तीन पूर्ण हिशेबी वर्षे कुणी न मागितलेली ठेव उत्पन्नाच्या खात्यात वळती होते. हे हिशेबनीसाचे काम आहे. जुनी शिल्लक वर्षानुवर्षे पुढे ओढत न्यायला लागू नये म्हणून केलेली आवराआवर. त्याने मालकी बदलत नाही. व्यपगत झालेली ठेवही परत मिळते, फक्त तिला महालेखाकारांची संमती लागते, आणि विदर्भासाठी ते कार्यालय नागपूरला आहे. म्हणजे लॅप्स झाली या वाक्याचा खरा अर्थ “आता एक पत्र नागपूरला लिहावे लागेल” एवढाच आहे. पैसे बुडाले, असा तो नाही. बँकेत दहा वर्षे कुणी हात न लावलेले खाते रिझर्व्ह बँकेच्या निधीत जाते, तरी खातेदार कधीही येऊन पैसे मागू शकतो, आणि २०२३ पासून असे विसरलेले पैसे शोधायला उद्गम नावाची सोयही रिझर्व्ह बँकेने केली. बँकेला जमते ते कोषागाराला का जमू नये? व्यपगत ठेवींची नावानिशी यादी नोटीस बोर्डावर लावायला किती कागद लागतील?

मुदतीच्या बाबतीत सरकारचा आणखी एक लाड आहे. मुदत कायद्याप्रमाणे साध्या माणसाला पैशाच्या दाव्यासाठी साधारण तीन वर्षे मिळतात. सरकारने कुणावर दावा करायचा तर तीस वर्षे. तेही सोडून देऊ. पण १९७९ मध्ये मद्रास पोर्ट ट्रस्टच्या प्रकरणात न्यायमूर्ती भगवतींनी सरकारी संस्थांना बजावले होते की नागरिकाची मागणी न्याय्य असताना मुदतीची आडकाठी घालून ती हाणून पाडणे त्यांना शोभत नाही. शोभत नाही, एवढाच शब्द. कायद्यात तसे करायची मुभा आहे हे मान्य करूनच त्यांनी तो वापरला.

थकबाकीचे काय, असे विचारणारा वाचक बरोबर विचारतो. शुल्क राहिले असेल, फी राहिली असेल, तपासणीत लावलेला दंड राहिला असेल, तर ते ठेवीतून जाणारच. तेवढ्याने भागले नाही तर सरकार जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसुली करू शकते, सातबाऱ्यावर बोजा चढवू शकते. हत्यारांची कमतरता नाही. पण “थकबाकी असू शकते” हे थकबाकी असल्याचे कारण होत नाही. किती, कोणत्या वर्षाची, कोणत्या आदेशाने, हे तीन रकाने भरून द्या. उरलेली रक्कम चुकती करा. आणि काहीच येणे नसेल तर तसा दाखला द्या. हा दाखला मिळवण्यासाठी माजी दुकानदार ज्या खुर्चीपुढे उभा असतो, तीच खुर्ची त्याच्या ठेवीवर बसलेली असते, ही यातली सगळ्यांत विनोदी गोष्ट.

ठेव नेहमी रोखच असते असेही नाही. कुणी राष्ट्रीय बचत प्रमाणपत्रे किंवा बँकेच्या मुदत ठेवीची पावती अधिकाऱ्याच्या नावे तारण ठेवलेली असते. मुदत संपते, पोस्टमास्तर म्हणतो तारण सोडवल्याचे पत्र आणा, कचेरी म्हणते फाईल सापडत नाही. सरकारच्या तिजोरीत यातला एक रुपयाही जात नाही, तरी माणूस अडकलेला राहतो. सरकारचा काडीचा फायदा नसताना कुणाचे नुकसान करण्याला वऱ्हाडीत फार चांगले शब्द आहेत, ते इथे छापण्यासारखे नाहीत.

व्याजाचा मुद्दा मी मुद्दाम मागे ठेवला, कारण तो काढला की माझ्या बाजूचे लोकही बिचकतात. दारूवाल्याला वर व्याज? मग घरचे विजेचे बिल काढून बघा. वीज कायदा २००३ च्या कलम ४७ प्रमाणे ग्राहकाच्या सुरक्षा ठेवीवर कंपनीने व्याज द्यायचे असते, आणि महावितरण ते बिलात वळते करते. त्या ग्राहकांत दारूचे दुकानही आले, बरे का. म्हणजे दुकानाच्या मीटरच्या ठेवीवर व्याज, आणि त्याच दुकानाच्या परवान्याची ठेव वीस वर्षे बिनव्याजी. परवाना चालू असताना व्याज नको, ती हमी होती, मान्य. पण परवाना संपला, अर्ज दिला, पोच घेतली, त्यानंतरचा प्रत्येक महिना हा उशीर आहे आणि तो सरकारचा आहे. उदाहरणापुरता हिशेब मांडतो: २५ हजार रुपये सहा टक्के चक्रवाढीने वीस वर्षांत ८० हजारांच्या वर जातात. वीस वर्षांनी २५ हजारच हातावर ठेवले तर निम्म्याहून जास्त ठेव परत न देताच पूर्ण परतावा दिल्याची नोंद होते.

आणि उशीर करू नये यासाठीचा कायदाही राज्याने स्वतःच केलेला आहे. २००५ च्या दप्तर दिरंगाईच्या कायद्यात फाईल कुणाही कर्मचाऱ्याकडे सर्वसाधारणपणे कामाच्या सात दिवसांपेक्षा जास्त पडून राहू नये असे म्हटले आहे. सात दिवस! मला दाखवलेल्या त्या चलनाला गंज चढला होता.

हा प्रश्न मूठभर म्हाताऱ्या दुकानदारांचा आहे, असे कुणी म्हणेल. तसा तो नाही. दुकाने एकेकटी बंद होतात तशी घाऊकही होतात. १५ डिसेंबर २०१६ च्या निकालाने सर्वोच्च न्यायालयाने राष्ट्रीय आणि राज्य महामार्गांपासून ५०० मीटरच्या आतली दारू दुकाने १ एप्रिल २०१७ पासून बंद केली. लहान गावांसाठी हे अंतर नंतर २२० मीटर झाले, आणि जुलै २०१७ मध्ये नगरपालिकांच्या हद्दीला सूट मिळाली. आमच्या जिल्ह्याचा नकाशा डोळ्यासमोर आणा. अकोल्याहून येणारा रस्ता मालेगाव, वाशिम करत हिंगोलीला जातो, नागपूर–औरंगाबादचा जुना रस्ता कारंजा, शेलूबाजार, मालेगाववरून. बाजारपेठ म्हणजे रस्त्याच्या दोन्ही बाजू. फुटपट्टी लावून दुकान बंद झाले त्यात दुकानदाराने कोणता नियम मोडला होता? चंद्रपुरात तर १ एप्रिल २०१५ पासून अख्ख्या जिल्ह्यात दारूबंदी आली, आणि मे २०२१ मध्ये मंत्रिमंडळाने ती उठवली. सरकार सहा वर्षांत आपले मत उलटसुलट करू शकते. तो त्याचा अधिकार आहे. त्या दोन मतांच्या मध्ये कुणाची ठेव अडकून पडली असेल तर तिची जबाबदारीही त्याचीच.

उद्या वाशिम जिल्ह्यात पूर्ण दारूबंदी व्हावी असे मला वाटते. वर्ध्यात ती सत्तरच्या दशकापासून आहे, गडचिरोलीत १९९३ पासून. ती झाली तर या जिल्ह्याच्या सहाही तालुक्यांतले सगळे परवानाधारक एका दिवसात “माजी” होतील आणि सगळ्यांच्या ठेवी एकदम परत द्याव्या लागतील. त्या दिवशी सरकारने ठेवी आणि उरलेल्या मुदतीची फी वेळेवर हातावर ठेवली तर कोर्टात जाणाऱ्या दहा अर्जांतले निदान काही अर्ज कमी होतील, स्थगितीची मागणी करणाऱ्याच्या हातातले एक कारण कमी होईल. मला बंदी हवी आहे, म्हणूनच मला ठेवी परत केलेल्या हव्या आहेत.

ज्यांच्या घरात असे जुने चलन असेल त्यांनी ते लोखंडी पेटीतून काढावे, वरचे लेखाशीर्ष वाचावे, छायाप्रत काढून ठेवावी आणि राज्य उत्पादन शुल्क अधीक्षकांच्या नावे अर्ज देऊन त्यावर तारखेची पोच घ्यावी. वडील हयात नसतील तर वारसा प्रमाणपत्राचा खर्च आधी विचारून घ्यावा. छोट्या ठेवीला तो कधीकधी गिळून टाकतो. तोंडी “लॅप्स झाली” हे उत्तर ऐकून परत फिरू नये, ते लिहून मागावे. आणि परताव्याला ज्यांची हरकत आहे, माझ्या पेढे खाणाऱ्या मित्रांसह, त्यांनी ती जरूर नोंदवावी. फक्त अर्जासोबत त्या दुकानदाराकडे सरकारचे किती येणे आहे, त्याचा कागद जोडावा.